अपिलात बाजू ऐकली गेली का? आधी रोजनामा काढा

दिवाणी दावा हरलेला पक्षकार अपील दाखल करतो आणि एकाच दिवसाची वाट पाहत बसतो: अंतिम युक्तिवादाचा. अपिलातली सुनावणी मात्र बहुतेक वेळा त्याच्या कितीतरी आधी बिघडलेली असते. नोटीस जुन्या पत्त्यावर गेलेली असते, मयत उत्तरवादीचे (ज्याच्याविरुद्ध अपील आहे त्याचे) वारस रेकॉर्डवर आलेले नसतात, खालच्या कोर्टातून रेकॉर्ड अर्धंच आलेलं असतं, नवा कागद दाखल करण्याचा अर्ज निकालाविना पडून असतो. निकाल विरुद्ध गेला की "आमचं ऐकूनच घेतलं नाही" ही तक्रार घेऊन मंडळी वरच्या कोर्टात जातात. तिथे पहिला प्रश्न येतो, रोजनाम्यात (प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्याच्या नोंदीत) तसं कुठे आहे? तोंडी तक्रारीला वरच्या कोर्टात फारशी किंमत नसते.

म्हणून पहिल्या अपिलात, म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम ९६ खालच्या अपिलात, ऐकून घेतलं जाण्याचा हक्क नेमका कुठे कुठे असतो आणि तो कागदावर कसा आणायचा, ते इथे लिहितो आहे. या सुनावणीची बहुतेक यंत्रणा आदेश ४१ मध्ये आहे (इथे 'आदेश' म्हणजे संहितेतल्या नियमांचं एक प्रकरण). पुढे 'नियम' म्हटलं की याच आदेशाचा समजा.

पहिल्या अपिलाला एवढं महत्त्व का, हे आधी सांगायला हवं. कलम १०७ प्रमाणे अपील न्यायालयाला दावा चालवणाऱ्या कोर्टाइतकेच अधिकार असतात. पुरावा पुन्हा तपासता येतो, साक्षीदारावर विश्वास ठेवायचा की नाही हे पुन्हा ठरवता येतं, मोजणी नकाशा चुकीचा वाचला गेला असं म्हणता येतं. दुसऱ्या अपिलात (कलम १००) हे दार बंद होतं, तिथे फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न चालतो. संतोष हजारी विरुद्ध पुरुषोत्तम तिवारी या २००१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं आहे की पहिल्या अपिलात संपूर्ण प्रकरण, तथ्य आणि कायदा दोन्ही अंगांनी, पुन्हा सुनावणीसाठी खुलं असतं. खालच्या कोर्टाचा निष्कर्ष उलटवायचा असेल तर त्या कोर्टाची कारणं हाताळून, आपला निष्कर्ष वेगळा का, हे अपील न्यायालयाने सांगितलं पाहिजे. थोडक्यात, ताबा कोणाचा होता किंवा सही खरी की खोटी, हा वाद साधारणपणे इथेच संपतो.

मुदतीबद्दल थोडंच. जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस. निकाल आणि हुकूमनाम्याच्या (निकालावरून निघणाऱ्या औपचारिक आदेशाच्या) नकला मिळायला लागलेला काळ वजा होतो. म्हणून नकलेचा अर्ज निकालाच्या दिवशीच टाकावा. उशीर झाला तर विलंब माफीचा अर्ज अपिलासोबतच हवा (नियम ३अ). तो अर्ज सरळ फेटाळायचा नसेल तर समोरच्याला त्याची नोटीस निघते आणि अपिलाआधी त्याचा निकाल लागतो. शिवाय अपील ऐकायचं असं कोर्टाने नियम ११ खाली ठरवेपर्यंत हुकूमनाम्याला स्थगिती देता येत नाही. चार दिवसांचा उशीरही या कारणाने महागात पडू शकतो, कारण तेवढ्यात समोरचा दरखास्त (अंमलबजावणीचा अर्ज) टाकून मोकळा होतो. नुसतं अपील दाखल केल्याने हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही, हे तर दरवेळी नव्याने सांगावं लागतं.

अपील दाखल झाल्यावर कोर्ट आधी फक्त अपिलार्थीला ऐकतं. काही दम नाही असं वाटलं तर उत्तरवादीला नोटीस न काढताच ते फेटाळता येतं (नियम ११). मात्र जिल्हा न्यायालयाने असं केलं तर त्याला थोडक्यात का होईना, कारणं देणारा निकाल लिहावा लागतो. "ऐकले, फेटाळले" एवढ्यावर भागत नाही.

नोटीस कुठे जाते

उत्तरवादीचा हक्क इथून सुरू होतो, आणि सगळ्यात जास्त वेळा इथेच हातचा जातो. दाव्यात तुम्ही दिलेला नोंदणीकृत पत्ता (आदेश ६ नियम १४अ) त्या दाव्यापुरता नसतो. त्या दाव्यातून निघणाऱ्या अपिलासाठी आणि अंमलबजावणीसाठीही तोच पत्ता धरला जातो. मधल्या काळात घर बदललं आणि कोर्टात पत्ता बदलून दिला नाही, तर जुन्या पत्त्यावरची बजावणी तुमच्यावरच झाली असं मानता येतं. रजिस्टर पाकिटावर "घेण्यास नकार" असा शेरा आला, तरीही नोटीस बजावली गेली असं कोर्ट जाहीर करू शकतं. पत्त्यावर माणूस सापडतच नाही, किंवा मुद्दाम टाळतो असं कोर्टाला पटलं, तर वर्तमानपत्रातली जाहीर नोटीस पुरते. तुम्ही ते वर्तमानपत्र वाचता की नाही, हा प्रश्न नंतरचा.

म्हणून दावा जिंकलेल्याने गप्प बसू नये. पत्ता बदलला असेल तर लगेच लेखी कळवावा. दाव्याच्या वकिलाकडे नोटीस येईलच असं धरून चालू नये. अपिलाची मुदत संपेपर्यंत आणि त्यानंतरही काही काळ ई-कोर्ट्सवर (कोर्टातल्या प्रकरणांच्या सरकारी संकेतस्थळावर) पक्षकाराच्या नावाने शोध घेत राहावा. अपील सापडलं की त्याचा १६ अक्षरी सीएनआर क्रमांक (प्रकरणाचा ओळख क्रमांक) लिहून ठेवावा. पुढच्या सगळ्या तारखा त्यावर दिसतात. समोरचा अपिलासोबत स्थगिती मागणार याची खात्री असेल तर कलम १४८अ खाली कॅव्हेट (आम्हाला कळवल्याशिवाय आदेश देऊ नये असा अर्ज) टाकता येतं. ते ९० दिवस टिकतं, मग नवं टाकावं लागतं.

नोटीस खरोखरच मिळाली नाही आणि अपील एकतर्फी मंजूर झालं, तर नियम २१ खाली फेरसुनावणीचा अर्ज करता येतो. मुदत ३० दिवस. नोटीस रीतसर बजावली गेली नसेल तर हे दिवस तुम्हाला निकाल कळल्यापासून मोजतात. अशा अर्जात "मला माहीत नव्हतं" या वाक्याला वजन नसतं. बजावणीच्या अहवालाची नक्कल काढा. बेलिफ (नोटीस बजावणारा कोर्टाचा कर्मचारी) कोणत्या तारखेला कुठे गेला, कोणाच्या हाती दिली, चिकटवली असेल तर पंच कोण होते, हे पाहा. त्या तारखेला तुम्ही दुसरीकडे राहत होता याचा कागद जोडा. आणि निकाल नेमका कधी, कशावरून कळला, ती तारीख प्रतिज्ञापत्रात लिहा. मुदत तिथूनच मोजायची आहे.

गैरहजेरी, आणि तिथे कोर्टाच्या हाताला असलेली मर्यादा

हा भाग पुन्हा पुन्हा चुकतो, पक्षकारांकडून आणि कधी कधी कोर्टाकडूनही. अपील पुकारलं, अपिलार्थी आणि त्याचे वकील दोघेही नाहीत. नियम १७ सांगतो की कोर्ट अपील गैरहजेरीमुळे काढून टाकू शकतं. किंवा अर्थातच पुढची तारीख देऊ शकतं. पण रेकॉर्ड वाचून "गुणवत्तेवरही (म्हणजे मूळ वादाच्या खरेखोटेपणावरही) अपिलात तथ्य नाही" असं म्हणत ते फेटाळता येत नाही. १९७६ च्या दुरुस्तीने नियम १७ ला जोडलेलं स्पष्टीकरण नेमकं एवढ्यासाठीच आहे.

हा फरक वकिली काथ्याकूट वाटेल, पण परिणाम फार मोठा आहे. गैरहजेरीमुळे काढलेलं अपील नियम १९ खाली पुन्हा दाखल करून घेता येतं, आणि तथ्यांवरची लढाई शाबूत राहते. गुणवत्तेवर फेटाळलेल्या अपिलात तुमच्या विरुद्ध निष्कर्ष लिहिले जातात आणि पुढे फक्त कलम १०० उरतं. उत्तरवादीचं गणित वेगळं आहे. तो गैरहजर असेल तर कोर्ट अपिलार्थीला ऐकून एकतर्फी गुणवत्तेवर निकाल देऊ शकतं. म्हणजे जिंकलेल्या माणसाची गैरहजेरी हरलेल्याच्या गैरहजेरीपेक्षा जास्त धोक्याची.

नियम १९ च्या अर्जालाही ३० दिवसच आहेत, तेही अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून. तुम्हाला कधी कळलं हे इथे मोजणीत येत नाही. उशीर असेल तर मुदत कायद्याच्या कलम ५ खालचा वेगळा अर्ज लागतो. बहुतेक अर्ज मोघमपणामुळे पडतात. "मी आजारी होतो" असं लिहिलेलं असतं. कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत, कुठे उपचार, वकिलांना कळवलं का, वकील स्वतः का आले नाहीत, यातलं काहीच नसतं. अर्ज अपिलार्थीच्या आजाराचा आणि रोजनामा वकिलांच्या गैरहजेरीचा, मग दोन्हींचा मेळ कोणी घालायचा? वकील दुसऱ्या कोर्टात अडकले असतील तर त्या कोर्टाचा त्या दिवसाचा बोर्ड (प्रकरणांची यादी) जोडता येतो. हा अर्ज फेटाळला गेला तर आदेश ४३ नियम १(ट) खाली त्या आदेशाविरुद्ध अपील आहे. लोक हे विसरतात आणि थेट रिट याचिकेकडे धावतात.

वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला द्यावी का? रफिक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितलं की ज्याने वकील नेमला, फी दिली आणि विश्वास ठेवला, त्या निर्दोष पक्षकाराला केवळ वकील हजर राहिला नाही म्हणून अन्याय सोसावा लागू नये. हा निकाल जवळजवळ प्रत्येक नियम १९ च्या अर्जात उद्धृत होतो. पण त्यावर विसंबून राहू नये असं माझं स्पष्ट मत आहे. नंतरच्या निकालांत कोर्टांनी पक्षकाराच्या स्वतःच्या जागरूकतेकडे बारकाईने पाहिलं आहे, आणि ज्याने कित्येक वर्षं वकिलाकडे चौकशीही केली नाही तो "निर्दोष" म्हणवून घेऊ शकत नाही. वकिलांना पाठवलेले संदेश, तारीख विचारल्याचा ईमेल, फीची पावती, हे सगळं जपून ठेवा.

मृत्यूचं प्रकरण याहून क्रूर आहे, कारण तिथे कोणाचीच चूक नसते. अपील चालू असताना पक्षकार वारला आणि दावा सांगण्याचा हक्क मागे उरत असेल, तर ९० दिवसांत वारसांना रेकॉर्डवर घ्यावं लागतं. नाही घेतलं तर त्याच्यापुरतं अपील आपोआप रद्दबातल होतं. असं रद्दबातल होणं बाजूला सारण्याचा अर्ज करायला आणखी ६० दिवस मिळतात. वाटणीच्या दाव्यात एका उत्तरवादीपुरतं रद्द झालेलं अपील सगळ्यांपुरतं कोसळू शकतं, कारण एकाच मिळकतीबद्दल दोन विसंगत हुकूमनामे राहू शकत नाहीत. पक्षकार वारल्याचं कोर्टाला कळवण्याचं कर्तव्य त्याच्या वकिलावर आहे (आदेश २२ नियम १०अ), पण कळवलं जातंच असं नाही. युक्तिवाद संपल्यानंतर आणि निकालाआधी मृत्यू झाला तर मात्र अपील रद्द होत नाही.

प्रत्यक्ष युक्तिवाद

क्रम ठरलेला आहे. आधी अपिलार्थी, मग उत्तरवादी, शेवटी अपिलार्थीचं प्रत्युत्तर. प्रत्युत्तर हा हक्क आहे, मेहेरबानी नव्हे. उत्तरवादीने लेखी युक्तिवाद दिला असेल तर त्याची प्रत तुम्हाला मिळालीच पाहिजे. प्रत न देता बंद लिफाफ्यात किंवा कारकुनाच्या हाती सरकवलेला लेखी युक्तिवाद दिसला तर त्याच दिवशी हरकतीचा अर्ज द्या.

युक्तिवादाआधी खालच्या कोर्टाचं रेकॉर्ड स्वतः उघडून पाहणं मी सर्वात वर ठेवेन. सगळ्या निशाण्या (कोर्टाने क्रमांक दिलेले कागद) आल्या आहेत का, उलटतपासाची सगळी पानं आहेत का, नकाशा जोडलेला आहे का, रद्द झालेला मुखत्यारपत्राचा कागद अजून फाईलमध्ये आहे का. एखादी निशाणी गहाळ असेल तर लेखी अर्ज करून ती मागवायला लावा, आणि ती येईपर्यंत युक्तिवादाला का उभं राहता येत नाही ते अर्जात लिहा. नंतर "तो कागद न्यायाधीशांनी पाहिलाच नाही" असं म्हणायचं असेल तर या अर्जाशिवाय आधार नाही.

आता नव्या मुद्द्याचा प्रश्न. अपिलाच्या मेमोमध्ये (अपिलाची कारणं मांडणाऱ्या अर्जात) नसलेला मुद्दा अपिलार्थीला कोर्टाच्या परवानगीशिवाय मांडता येत नाही (नियम २). कोर्ट स्वतः मात्र मेमोतल्या मुद्द्यांपुरतं बांधलेलं नसतं. पण त्याच नियमाचं परंतुक (त्याला जोडलेली अट) महत्त्वाचं आहे: ज्याच्यावर परिणाम होणार त्या पक्षकाराला त्या मुद्द्यावर लढण्याची पुरेशी संधी दिल्याशिवाय कोर्टाने आपला निकाल त्यावर उभा करू नये. समजा, दावा मालकी हक्कावर चालला, अपिलातही मालकीवरच युक्तिवाद झाला, आणि निकाल आला की दावा मुदतबाह्य आहे. मुदतीचा मुद्दा कोर्टाला स्वतःहून पाहता येतो, पाहावाच लागतो. पण त्यावर तुम्हाला विचारलंच नसेल, तर मुदत कधी सुरू झाली याचं उत्तर तुम्ही देणार कधी? युक्तिवादाच्या ओघात न्यायाधीशांनी असा नवा प्रश्न टाकला तर लगेच पुरसिस (लेखी निवेदन) द्या: हा मुद्दा मेमोत नाही, त्यावर कागद दाखवण्यासाठी आणि युक्तिवादासाठी मुदत द्यावी. मुदत नाकारली गेली तरी चालेल, पुरसिस फाईलमध्ये राहते.

उत्तरवादीने आणखी एक गोष्ट सांभाळायची असते. हुकूमनामा पूर्ण त्याच्या बाजूने असेल, फक्त एखाद्या मुद्द्यावरचा निष्कर्ष विरुद्ध असेल, तर वेगळा प्रति-आक्षेप (त्याच अपिलात उत्तरवादीने हुकूमनाम्यावर घेतलेली लेखी हरकत) न देताही तो त्या निष्कर्षावर हल्ला करू शकतो. हुकूमनाम्याचाच काही भाग विरुद्ध असेल तर मात्र सुनावणीची नोटीस मिळाल्यापासून एक महिन्यात प्रति-आक्षेप हवा (नियम २२). एकदा तो दाखल झाला की अपिलार्थीने अपील मागे घेतलं तरी प्रति-आक्षेप चालतो.

नवा पुरावा

नियम २७ चं दार अरुंद आहे: खालच्या कोर्टाने चुकीने नाकारलेला पुरावा, योग्य ती खबरदारी घेऊनही तेव्हा न मिळालेला पुरावा, किंवा निकाल देण्यासाठी कोर्टालाच हवा असलेला पुरावा. वकिलांनी दाखल करायचं राहून गेलं, हे यात बसत नाही. भारत सरकार विरुद्ध इब्राहिम उद्दीन (२०१२) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की असा अर्ज अपिलाच्या अंतिम सुनावणीच्या वेळी, गुणवत्तेसोबत विचारात घ्यावा. कारण तोवर त्या कागदाची गरज आहे की नाही हे कळतच नाही. तरीही दोन टोकांच्या चुका होत राहतात. एक, अर्ज आधीच सुटा फेटाळला जातो. दोन, अपिलाचा निकाल लागतो आणि अर्जावर काहीच आदेश नसतो. दुसरी चूक टाळण्यासाठी युक्तिवाद संपवण्याआधी अर्ज प्रलंबित आहे हे तोंडी सांगा आणि लेखी युक्तिवादाच्या पहिल्याच पानावर निशाणी क्रमांकासह लिहा.

अर्ज मंजूर झाला तर समोरच्याचा हक्क जागा होतो. परवानगी मिळाली म्हणून कागद शाबीत झाला असं होत नाही. तो रीतसर शाबीत करावा लागतो, साक्षीदाराचा उलटतपास होतो, आणि खंडनाचा पुरावा देण्याची संधी द्यावी लागते. अपील न्यायालय हा पुरावा स्वतः नोंदवू शकतं किंवा खालच्या कोर्टाकडून नोंदवून घेऊ शकतं (नियम २८). पुरावा घेण्याची कारणंही लिहावी लागतात.

निकाल हातात आल्यावर

मेमो आणि निकाल शेजारी ठेवून वाचा. नियम ३१ प्रमाणे निकालात निर्णयासाठीचे मुद्दे, त्यांवरचा निर्णय, कारणं आणि निकाल उलटवला असेल तर मिळणारी दाद, एवढं असलं पाहिजे. "खालच्या कोर्टाचा निकाल योग्य व कायदेशीर आहे काय?" हा एकच मुद्दा काढून चार पानांत अपील संपवलेलं दिसलं, तर शंका घ्यायला जागा आहे. पण नुसती मांडणी सदोष म्हणून निकाल पडत नाही. मूळ वादांवर विचार झाल्याचं दिसत असेल तर वरचं कोर्ट नियम ३१ चं पालन झालं असंच म्हणतं. कोणती साक्ष, कोणती निशाणी, कोणता युक्तिवाद विचारातून सुटला आणि तो विचारात घेतला असता तर काय फरक पडला असता, ते दाखवावं लागतं. कलम ९९ तेच सांगतं: गुणवत्तेवर परिणाम न करणाऱ्या चुकीमुळे हुकूमनामा उलटत नाही.

निकालात "अपिलार्थीच्या वकिलांनी हा मुद्दा सोडून दिला" असं लिहिलेलं असेल आणि तसं झालंच नसेल, तर घाई करा. महाराष्ट्र राज्य विरुद्ध रामदास श्रीनिवास नायक (१९८२) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की कोर्टात काय घडलं याबद्दल न्यायाधीशांनी निकालात लिहिलेलं अंतिम मानायचं. चूक असेल तर पक्षकाराने, सगळं न्यायाधीशांच्या स्मरणात ताजं असतानाच, त्याच न्यायाधीशांसमोर ती मांडावी. वरच्या कोर्टात वकिलाचं प्रतिज्ञापत्र लावून ते खोडता येत नाही. अशा पुनर्विलोकनाची (त्याच कोर्टाने आपला निकाल पुन्हा तपासण्याच्या अर्जाची) मुदतही ३० दिवसच आहे.

युक्तिवाद ऐकलेल्या न्यायाधीशांची बदली झाली तर? त्यांनी निकाल पूर्ण लिहून ठेवला असेल तर नंतर आलेल्या न्यायाधीशांनी तो जाहीर करायचा असतो. लिहिलेला नसेल तर नव्याने युक्तिवाद ऐकायला हवा, आणि तशी मागणी लेखी द्यावी. उच्च न्यायालयात निकाल राखून ठेवला आणि तीन महिने उलटले तर लवकर निकालासाठी अर्ज करता येतो. सहा महिने झाले तर प्रकरण दुसऱ्या पीठाकडे देण्याची विनंती मुख्य न्यायमूर्तींकडे करता येते. ही चौकट अनिल राय विरुद्ध बिहार राज्य (२००१) या निकालातून आली आहे.

सुनावणी नाकारल्याचा मुद्दा दुसऱ्या अपिलात न्यायचा असेल तर तो कायद्याचा प्रश्न म्हणून बांधा: नियम १७ च्या स्पष्टीकरणाविरुद्ध गुणवत्तेवर निकाल, नियम २ चं परंतुक डावलून नव्या मुद्द्यावर निकाल, नियम २७ च्या अर्जावर आदेशच नाही. सोबत संबंधित तारखांच्या रोजनाम्याच्या नकला. हे पटलं तर बहुधा अपील फेरसुनावणीसाठी परत पाठवलं जातं, आणि त्या आदेशातच पक्षकारांनी खालच्या कोर्टात हजर राहण्याची तारीख दिलेली असते. त्या तारखेसाठी पुन्हा नोटीस येईल म्हणून थांबू नका. रेकॉर्ड अजून पोचलं नसलं तरी हजर राहा आणि हजेरीची पुरसिस द्या, नाहीतर तिथेही नियम १७ च लागू आहे.